फ्यूजची रिकामी जागा

६ मार्च, सोमवार
विजेची शेगडी बंद! लाल दिवासुद्धा लागत नाही. सकाळी चहा झाला होता. दुपारी मेकॅनिक ‘सर्व्हिसिंग’ करून गेला — थोरलीने पाठवलेला — आणि संध्याकाळी ही ढिम्म. त्याला फोन केला तर म्हणतो, “आजी, आतला बोर्ड गेला असेल. जुनी झाली हो ती.” अरे, जुनी तर मीपण आहे!

७ मार्च, मंगळवार
थोरली पुढच्या गल्लीतून आली ती डबा घेऊनच. “आई, आता कशाला हवी शेगडी? दोन्ही वेळचं माझ्याकडून येईल.” लेक आहे, मायेने म्हणते, कळतं मला. पण मी काय अंथरुणाला खिळलेय? सत्तावीस वर्षं रेडिओच्या कारखान्यात सोल्डरिंग केलंय. बोर्ड गेला म्हणे! आधी फ्यूज बघायचा असतो. तो बघितला का कुणी?

८ मार्च, बुधवार
तारा, फ्यूज तपासायचा माझा जुना मीटर शोधण्यात सकाळ गेली. शिवणाच्या डब्यात निघाला! नवा सेल घातला, त्याच्या तारांची दोन्ही टोकं एकमेकांना टेकवली — टीं! जिवंत आहे.
आधी प्लगमधला फ्यूज. हा चिनीमातीचा, आतली तार दिसत नाही, म्हणून मीटर लागतो. टीं — चांगला. मग मेन स्विच बंद करून भिंतीवरच्या बोर्डातला काढला. तोही चांगला. म्हणजे दुखणं शेगडीच्या पोटात आहे. आज हात भरून आलेत. उद्या बघते तिला.

९ मार्च, गुरुवार
प्लग काढून ठेवला, गार असल्याची खात्री केली, शेगडी उताणी केली. कंबरेचा काटा ढिला झाला! आठ स्क्रू. एक घरंगळत फ्रिजखाली गेला, तो झाडूने ओढून काढला. आत फ्यूजच्या दोन जागा, शेजारी शेजारी. पहिल्यातला तपासला — ठणठणीत. दुसरी जागा रिकामी.
जळालेला नाही, तुटलेला नाही — नाहीच! पितळेच्या क्लिपा नुसत्या आ वासून. फ्यूजला काय पाय फुटले?

१० मार्च, शुक्रवार
मेकॅनिकच्या दुकानात गेले. गिऱ्हाइकं होती. असू देत! “माझा फ्यूज कुठाय?” विचारलं. आधी बोर्डाचं सांगितलं, मग व्होल्टेजचं, मग मान खाली. “ताईंनीच काढायला सांगितला, आजी. तुम्हाला काही होऊ नये म्हणून...” ड्रॉवरमधून काढून दिला, कागदात गुंडाळलेला. तिथेच, सगळ्यांदेखत मीटर लावला. टीं! सगळ्या दुकानाला ऐकू गेलं.
घरी आले, बसवला, स्क्रू पिळले. दिवा लागला!! एकटीच टाळ्या वाजवत उभी होते स्वयंपाकघरात.

११ मार्च, शनिवार
थोरलीशी कडाक्याचं भांडण. “मला विचारायचं तरी!” म्हटलं. तर म्हणते, “विचारलं असतं तर ऐकलं असतंस? दूध लावून खाली गेलीस तू. पातेलं काळं ठिक्कर!”
“एकदा!”
“तीनदा, आई.”
खोटं. एकदाच. नीट आठवतंय मला. शेवटी ती रडायला लागली, पण मी काही विरघळले नाही. पुन्हा माझ्या स्वयंपाकघरात माणूस पाठवलास तर दार उघडणार नाही, म्हणून सांगितलं. डबा धुवून हातात दिला.

१५ मार्च, बुधवार
बटाटे परतले. कुणालाही न विचारता.

२६ मार्च, रविवार
खुर्चीत डोळा लागला होता. जळका वास आला म्हणून उठले. तबकडी लालबुंद, वर काहीच ठेवलेलं नाही, शेजारचं फडकं कोपऱ्यातून धुमसतंय. शेगडी कधी लावली? कशासाठी? तेव्हाही आठवेना, आता संध्याकाळ झाली तरी आठवत नाही.
प्लग ओढला, फडकं नळाखाली धरलं. शेगडी गार झाल्यावर फ्यूज काढला. मी. माझ्या हाताने. मग थोरलीला फोन करून ‘फ्यूज काढलाय’ एवढंच सांगितलं. ती म्हणाली, “आई, मी येऊ?”
ये, म्हटलं.