मिश्री — रोज

४ नोव्हेंबर २०२५

आईसाहेबांच्या गालाच्या आतली जखम तीन आठवडे झाले तरी भरत नाही. साधा वरणभातही झोंबतो म्हणतात. आज कंपू भागातल्या दातांच्या डॉक्टरकडे घेऊन गेले. त्याने गाल चाचपला, विचारलं, "अम्मा, तंबाकू?"

"छे! कभी नहीं!" — आणि सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं. दहा वर्षं घरोघर हाच प्रश्न विचारण्याचा पगार घेणारी मी गप्प! शेवटी राहवलं नाही. म्हटलं, "मिश्री लेती हैं." तो म्हणाला, "मीठा कम कीजिए." मी मान डोलावली. मान डोलावली!! त्याने जखमेचा तुकडा काढून तपासायला पाठवलाय.

५ नोव्हेंबर

लिहूनच टाकते. इथे गावभर हिंदी, आणि हिंदीत मिश्री म्हणजे खडीसाखर. आमच्या मराठ्यांच्या घरांत मिश्री म्हणजे तंबाखू — दौलतगंजच्या बाजारातून आणायची, तव्यावर काळी होईस्तोवर भाजायची, कुटायची, सकाळी दातांना लावायची. घरभर ठसका.

२०१५ साली आमच्या तब्येतीच्या अभ्यासाचा पहिला फॉर्म भरायला मी याच घरी आले. नोकरी नवी, आणि संग्रामच्या स्थळाचं बोलणं चालू. उषाताई (तेव्हा त्या उषाताईच होत्या) चहा देता देता म्हणाल्या, "मिश्री लावते ग मी. पण तंबाखू-बिंबाखू नको लिहूस. चार लोकांत बरं नाही दिसत." मी होणारी सून! तंबाखूपुढे 'नाही'वर खूण केली. आणि खाण्यापिण्याच्या पानावर, गोडाच्या रकान्यात लिहिलं: मिश्री — रोज. खोटं तर नाही ना लिहिलं, बस! केवढी हुशार समजत होते स्वतःला. घरी जाऊन सांगितलं आणि पोट दुखेस्तोवर हसले.

८ नोव्हेंबर

एका फॉर्मवर थांबले असते तरी चाललं असतं. पण माधवगंजातली मराठी घरं माझ्याकडेच — बायका मराठीत मोकळ्या बोलतात म्हणून. "मिश्री तेवढी लावतो हो, तंबाखू नाही!" जिथे ऐकलं तिथे साखर लिहिली. कुणालाच वाईट वाटायला नको! आज जुने फॉर्म काढून मोजले. एकतीस बायका.

आमचा अभ्यास काय आहे? आम्ही औषध देत नाही, काही करायला लावत नाही. त्याच नऊशे बायका, तेच प्रश्न, वर्षानुवर्षं. कोण काय खातं ते आधी लिहून ठेवायचं आणि मग कुणाला काय होतं ते बघायचं. आजार झाल्यावर विचारलं तर माणूस चाचपडत, घाबरून काहीही सांगतं, म्हणून आधी विचारायचं. सगळा डोलारा त्या आधीच्या लिहिण्यावर! आणि ते लिहिणारी कोण, तर मी.

त्यात तंबाखूवाल्यांची तोंडं दरवर्षी तपासतात. बाकीच्यांची यंदा पहिल्यांदाच, दहाव्या वर्षी; तेही काम आत्ता कुठे सुरू झालंय, आईसाहेबांची पाळी अजून यायचीय. म्हणजे या एकतीस जणींच्या तोंडात दहा वर्षं कुणी डोकावलेलंच नाही. जनाची नाही तर मनाची तरी!

१२ नोव्हेंबर

अंशुल, आमचा कंप्युटरवाला, नाचत आला. "दीदी, गजब! मिश्री खानेवालियों में मुँह के चट्टे तीन गुना! और तंबाकू एक ने भी नहीं छुआ!"

मधुवंती मॅडम — सगळा अभ्यास त्यांचा — खुर्चीतून उठल्याच. "खडीसाखरेकडे कुणी बघितलंच नव्हतं ग! परिषदेत मांडू या." मॅडम मराठी, पण त्यांच्या घरी खडीसाखर देवापुढे ठेवतात. दुसरी मिश्री त्यांना कुठून ठाऊक!

तेव्हाच बोलायला हवं होतं. मी काय म्हणाले? "अच्छा?" म्हणाले. जीभ कशी झडली नाही!

१५ नोव्हेंबर

रिपोर्ट आला. कॅन्सरच आहे.

१६ नोव्हेंबर

संग्रामला सगळं सांगितलं. त्याने एकच विचारलं. "तू 'हो' लिहिलं असतंस तर आईचं तोंड दरवर्षी बघितलं असतं?"

"हो."

उठून गच्चीवर गेला. जेवायलाही आला नाही. आईसाहेबांनी आतून ऐकलं होतं. म्हणाल्या, "तिला बोलू नकोस रे. मीच म्हटलं होतं तिला." शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मला त्यांच्या तोंडाकडे बघवत नाही. ऑपरेशन पुढच्या महिन्यात, गालाचा बराच भाग काढतील.

१८ नोव्हेंबर

मॅडमसमोर एकतीस फॉर्म ठेवले. सगळं सांगितलं. त्यांनी पाणीही विचारलं नाही, बरोबरच आहे. एकेक फॉर्म चाळला. मग म्हणाल्या, "मी मराठी, आणि मी ते हिंदीत वाचलं." पुढे, "पेपर राहू दे. आधी या बायकांना बोलवा, सगळ्यांना, याच आठवड्यात." माझ्याकडे न बघता. फॉर्म आता मी भरायचे नाहीत, अंशुल सगळ्यांना नव्याने विचारणार. नोकरीचं नंतर बघू म्हणाल्या.

२१ नोव्हेंबर

एकोणतीस जणी येऊन गेल्या. चौघींना मोठ्या दवाखान्यात पाठवलंय. एक तर माझ्याहून लहान आहे. जाताना म्हणते, "ताई, तुम्ही होता म्हणून बरं, नाहीतर कळलंच नसतं." जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

२२ नोव्हेंबर

काही नाही. आईसाहेबांना पातळ खीर दिली.

२४ नोव्हेंबर

अंशुल घरी आला. आईसाहेबांचा फॉर्म झाला. पान उलटलं. "दीदी, घर की लिस्ट में आपका भी नाम है. तंबाकू — ना?" त्याने पेन टेकवलंसुद्धा. संग्राम दारातच उभा होता. मी म्हटलं, "रुको. हाँ लिखो. मिश्री. तंबाकूवाली. सात साल." आईसाहेबांनीच दिली होती, बाळंतपणात. संग्रामला कधी कळू दिलं नाही. माझा फॉर्मही दरवर्षी मीच भरायचे.

आज सकाळीसुद्धा लावली होती.