भिंतीवरची जमीन

८ नोव्हेंबर १९९८, रविवार

आलो एकदाचे कोलशेतला. दिवा स्टेशनजवळची खोली सोडताना सुलभाने मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. तिथे पाण्यासाठी पहाटे उठून भांडायचं आणि इथे मागच्या दारी चक्क विहीर. टेम्पोतलं सामान उतरल्यावर बाईसाहेबांनी पहिलं काम काय केलं, तर दोन बादल्या पाणी पायांवर ओतून घेतलं. उगाच, चैन म्हणून.

घर जुनं, बैठं, खाडीच्या बाजूचं शेवटचं. मालकीण ठमाबाई, सत्तरी ओलांडलेल्या आगरी बाई. उमेदीत मिठागरावर राबल्या. जमिनी विकून मुलांनी रस्त्याला बंगला बांधला, पण या आमच्या शेजारच्या खोलीतून हलायला तयार नाहीत. बोलणं मोजकं, चेहरा कडक, पण केतकीला पाहिल्याबरोबर कडेवर घेतली आणि बराच वेळ खाली ठेवलीच नाही.

केतकी दीड वर्षाची झाली तरी चालत नाही. रांगते, बडबडते, सगळं कळतं, पण उभी केली की पाय मुडपून मटकन खाली. डॉक्टर म्हणतात, दोष काही नाही. डाव्या पायाची करंगळी शेजारच्या बोटावर चढलेली आहे, पण तिचा याच्याशी संबंध नाही म्हणे. सुलू ऐकून घेते आणि मग पदराने डोळे पुसत बसते. मी वरवर हसतो, पण रस्त्यात दुडदुडणारी दुसऱ्यांची पोरं मलाही आता बघवत नाहीत. या घरात तिचं बोट धरून एकदा या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालायचं, एवढंच मागणं आहे.

भिंतींचं मात्र अवघड आहे. खाडीची ओल चढून सगळ्यांना लोणा लागला आहे. टेकून बसलं की पाठीला मिठासारखी पांढरी पूड. पश्चिमेच्या भिंतीत एक कोनाडा आहे, त्यात ठमाबाई रोज दिवेलागणीला येऊन पणती ठेवतात. त्यांची अट एकच. "बाला, ती भित तेवरी सोर. खिलासुदिक मारू नको." का, ते सांगितलं नाही. मी मान डोलावली. नव्या भाडेकरूने पहिल्या दिवशी मान डोलवायचीच असते.

११ नोव्हेंबर, बुधवार

डोक्यात एक कल्पना आली आणि ती माझीच असल्यामुळे मला फार आवडली.

आमच्या दुकानात परदेशी लॅमिनेटच्या फळ्या विकायला आल्या आहेत. दिसायला सागवान, आत दाबलेला भुसा, वर चकचकीत थर. एकीची कड दुसरीच्या खाचेत ठोकून बसवत गेलं की झाली लाकडी जमीन. पाणी सांडलं तरी फडक्याने पुसून घ्यावं, डाग राहत नाही. हे वाक्य मी दिवसातून इतक्यांदा म्हणतो की झोपेतही म्हणत असेन. वागळे इस्टेटमधल्या एका ऑफिसचं काम संपल्यावर काही खोकी उरली होती, ती शेठकडून मागून घेतली. शेठ म्हणाले, शहाबादी फरशीवर या कशाला टाकतोस? म्हटलं, फरशीवर नाही, भिंतींना लावणार. दुकानात माझी यथेच्छ फिरकी घेतली गेली. देवराम म्हणाला, आता हा उत्तम छताला सतरंजी अंथरणार. हसू देत.

१५ नोव्हेंबर, रविवार

तीन भिंती झाल्या. आधी भिंतीला लाकडी पट्ट्या, त्यांच्यावर फळ्या. मागे बोटभर पोकळी सोडली, म्हणजे ओल वाहती राहील. खोली ओळखू येईना. सुलू नको नको म्हणता म्हणता खूश झाली, चारदा हात फिरवून पाहिला.

पण मग चौथी भिंत डोळ्यांत खुपायला लागली. नवं धोतर नेसून वर फाटका सदरा घालावा तसं. ठमाबाई परवाच मोहने गावाला भाचीच्या बाळंतपणाला गेल्या आहेत. जाताना सुलूला पणतीचं सांगून गेल्या. मी म्हटलं, त्या यायच्या आत ही पण करून टाकू, बघून त्यांनाच बरं वाटेल. सुलू चिडली. शब्द दिला होता म्हणाली. मी म्हटलं, शब्द जुन्या भिंतीबद्दल दिला होता, ही नवीच आहे. नवरा दुकानदारीत असला की बायकोला असली उत्तरं ऐकावी लागतात.

कोनाड्यावरची फळी तेवढी बसेना. ठोकली की आतून ढकलल्यासारखी बाहेर यायची. शेवटी गुडघा लावून दाबली आणि वरून खिळे मारले. पणती सुलूने स्वयंपाकघरात फडताळावर ठेवली.

आता खोली अशी गुळगुळीत दिसते की माणसाने भिंतीवरच पाट मांडून जेवायला बसावं.

१८ नोव्हेंबर, बुधवार

सकाळी दाढी करताना पश्चिमेच्या फळ्या वाजल्या. टक. टक. मग थोडं थांबून पुन्हा टक. लॅमिनेट उन्हाथंडीने फुगतं आणि आकसतं, गिऱ्हाईकांना मीच समजावतो. सुलूला तेच समजावलं. ती म्हणाली, फुगणारी वस्तू एका जागी वाजेल, ही कोनाड्याकडून खिडकीपर्यंत जाते आणि परत येते.

उंदीर असेल. पोकळी सोडली आहे ना मागे.

मागे नाही, वर वाजतं, असं ती म्हणाली. फळ्यांच्या वर, आपल्या बाजूला. तिला म्हटलं, कान साफ कर.

२० नोव्हेंबर, शुक्रवार

घरी आलो तर पश्चिमेच्या भिंतीवर गुडघ्याच्या उंचीला लहान मुलाच्या ओल्या पावलांचे ठसे. पाच बोटं स्वच्छ उमटलेली. सुलूने केतकीला उचलून खेळवलं असणार. सुलूला वाटलं, सकाळी मीच ते केलं.

फडक्याने पुसले. पाणी निघालं, पण कडेने पांढरी रेघ राहिली. खारट आहे. होय, चाखून पाहिली. या फळीवर डाग राहत नाही.

२२ नोव्हेंबर, रविवार

केतकी उभी राहिली!

दुपारी जेवून पेपर वाचत होतो. ती रांगत पश्चिमेच्या भिंतीशी गेली, दोन्ही तळवे फळ्यांना लावले आणि सरळ उठली. मग भिंत धरून एक पाऊल, दुसरं पाऊल, पार खिडकीपर्यंत. मी लहान पोरासारखा रडलो. सुलू पिठाच्या हातांनी धावत आली आणि तीही रडली. जवळपासच्या घरांतून पेढे वाटले. जन्मात एवढा आनंद झाला नव्हता, हे लिहून ठेवतो.

सुलूला म्हटलं, बघ, माझ्या भिंतीने पोरगी चालवली. केतकी चालताना भिंतीकडे तोंड करून हसते. समोर कुणी असावं तसं.

२४ नोव्हेंबर, मंगळवार

दुसऱ्या कुठल्याही भिंतीशी ती उभी राहत नाही. फक्त त्याच.

आणि सुलूने दाखवलं ते मी आधी का पाहिलं नाही, कळत नाही. केतकी भिंत धरत नाही. तिचा हात भिंतीपाशी असतो, पण तळवा टेकलेला नाही. मूठ मिटलेली असते. बोट धरल्यासारखी. काल मूठ खांद्याशी होती, आज डोक्याच्या वर आहे.

ठसे आता खिडकीच्या चौकटीच्याही वर. चालणाऱ्याची पावलं जमिनीवर जशी एकामागे एक पडतात, तशीच. तिथवर सुलूचा हात पोचत नाही.

सुलू म्हणते, फळ्या काढ. आत्ता काढ. मला काढवत नाहीत. काढल्या आणि पोर पुन्हा बसली तर? अजून चार दिवस चालू दे, पाय घट्ट होऊ देत. भीती मलाही वाटते. पण ती चालते आहे.

२६ नोव्हेंबर, गुरुवार

मार्गशीर्षातला गुरुवार. सुलूचा उपास, म्हणून मी सुट्टी घेऊन घरी. ती आत पूजा मांडत होती, केतकी मधोमध चटईवर झोपलेली. टकटक थांबली म्हणून मी मान वर केली.

ठशांच्या दोन रांगा. एक नेहमीची. दुसरी तिच्या शेजारून, छताकडे गेलेली. दुसरीतल्या प्रत्येक डाव्या पावलाची करंगळी शेजारच्या बोटावर चढलेली.

केतकीचे तळपाय पाहिले. ओले. बोटांच्या बेचक्यात पांढरी पूड.

ती झोपलेलीच होती. मी तिथेच होतो. सारा वेळ.

२७ नोव्हेंबर, शुक्रवार

डोंबिवलीला, सुलूच्या भावाकडे निघालो. घराबाहेर पडताच केतकीचे पाय चिंधीसारखे लोंबायला लागले. वाटेत जी भिंत दिसेल तिकडे पाय लांब करून किंचाळत होती. हात नाही, पाय. स्टॉपवर पोचेपर्यंत अंग गार, ओठ निळे, डोळे वर. श्वास —

परत फिरलो. खोलीत आणली आणि हसली.

सुलू माझ्याशी बोलत नाही. बरोबर आहे तिचं. मी फळ्या मंगळवारीच काढायला हव्या होत्या.

२८ नोव्हेंबर, शनिवार

ठमाबाई आल्या. दारातच पिशवी गळून पडली त्यांच्या हातून. ओरडल्या नाहीत. खाली बसल्या आणि सांगितलं.

त्यांची पहिली मुलगी. केतकीएवढी. तेव्हा या खोलीची जमीन मातीची आणि कायम खारी ओली, म्हणून पोर सदा भिंतीच्या खुंटीला टांगलेल्या झोळीत. जमिनीला तिचा पाय कधी लागलाच नाही. तापात गेली. दहाव्याला रीतीप्रमाणे दिव्याखाली पीठ पसरलं, गेलेल्याचं पाऊल उमटतं का पाहायला. पिठावर काही नाही. ओलं पाऊल उमटलं ते भिंतीवर, कोनाड्याखाली. जाणत्या बायका म्हणाल्या, ही भिंतीला धरून राहील. हिला उजेड दाखवा, म्हणजे एका जागी बसेल. जमीन देऊ नका.

"आमी तिला उजेर दिला. जमीन नाय दिली. ती तू दिलीस."

मी विचारलं, मग केतकीला का? चालायला शिकणाऱ्या पोराला कुणाचं तरी बोट लागतं, म्हणाल्या. दोघी एकमेकींना शिकवताहेत.

आत्ताच्या आत्ता काढतो म्हणून पटाशी उचलली, तर त्यांनी हात धरला. केतकी भिंतीवर असताना फळी निघाली तर ती त्या बाजूलाच राहील. आधी तिचे दोन्ही पाय फरशीवर टेकायला हवेत. बापाने हात धरून बसायचं आणि भिंतीकडे बघायचं नाही. बघितलं की तोल जातो. सकाळी पुतण्याला, परशुरामला आणतील. तो वरून खाली फळ्या काढेल, ठमाबाई कोनाड्यात पणती ठेवतील.

सुलूने कोनाड्याच्या फळीखाली पणती लावली आहे. ज्योत भिंतीकडे झुकते. वारा नाही.

२९ नोव्हेंबर, रविवार

सकाळ. लख्ख ऊन. ठमाबाई परशुरामला आणायला गेल्या. सुलू विहिरीवर, न्हाऊन ओलेत्याने पाणी आणायला सांगितलं आहे.

भिंतीकडे बघायचं नाही. नजर वहीत ठेवून लिहितो आहे, म्हणजे वर जाणार नाही. डाव्या हातात केतकीची मूठ. तिचे पाय फरशीवर. दोन्ही. पाहिले.

टक टक. खिडकीकडून. बघत नाही.

जवळ आली. थांबली.

केतकी हसते. कुणाला तरी दुसरा हात दिला. मी या हाताने घट्ट — सोडणार नाही, काही झालं तरी —

ओढते आहे. एवढीशी पोर, एवढा जोर —

उठलो. ती पाऊल टाकते आहे. आणखी एक. सुलू, चालते आहे ग ती, नीट, न पडता. मी बोट धरून बरोबर —

चढ लागत नाही. सपाटच आहे. मग फरशीवरच असणार आम्ही. पायाला गुळगुळीत, ओलसर —

नजर खालीच आहे. पायाखाली फळ्यांचा सांधा. खिळ्यांची डोकी. मीच मारलेले —

हात सोडलेला नाही.

सुलू आली. दारात आहे. बादली पडली तिची, पण पाणी बाजूला का — आणि ती अशी आडवी का उभी —