मान डोलावण्याचं ट्रेनिंग

३ मार्च
महापालिकेतल्या आम्हा अधिकाऱ्यांचं ट्रेनिंग संपलं. विषय: नैसर्गिक न्याय. समोरच्याचं ऐकल्याशिवाय निर्णय द्यायचा नाही. मी आधीपासून ऐकतोच, फक्त ते दिसत नव्हतं. आता शिकलो. डोळ्यांत बघायचं, मान डोलवायची, मधूनमधून ‘बरोबर’ म्हणायचं. आरशासमोर प्रॅक्टिस केली. बायकोने विचारलं, मान अवघडली का.

९ मार्च
उद्या चावीवाल्या बाईंची सुनावणी. हॉस्पिटलच्या गेटजवळ त्यांची चाव्या बनवायची टपरी. फुटपाथ अडवते अशी तक्रार. लायसन्स रद्द केल्याचा आदेश आजच टाइप करून घेतला. ‘म्हणणे सविस्तर ऐकून घेतले’ हेही घातलं. उद्या ऐकणारच आहे, मग बिघडलं कुठे?

१० मार्च
सुनावणी आदर्श. बाई बराच वेळ बोलल्या. काय बोलल्या ते आठवत नाही, सगळं लक्ष मान कुठे डोलवायची याकडे. जाताना त्यांचे डोळे भरून आले. आजवर इतकं कुणी ऐकून घेतलं नव्हतं म्हणाल्या. बरं वाटलं. आदेशावर सही केली.

१४ मार्च
शिपाई सांगत होता, बाईंनी टपरीला नवा रंग दिला. साहेब सगळ्याला बरोबर म्हणाले, असं गेटवर सांगत सुटल्यात. आदेश आज पोहोचला असेल. छातीत जळजळ. ॲसिडिटी.

१७ मार्च
सहज तिकडून गेलो. सहज कसलं, मुद्दाम गेलो. बाईंची टपरी भिंतीच्या खोबणीत. फुटपाथवर पसरलंय ते शेजारचं झेरॉक्सवाल्याचं खोपटं. आमच्या माणसाने टपरीचा नंबर चुकीचा लिहिला. बाई त्या दिवशी हेच सांगत असणार, आणि मी ‘बरोबर’ म्हणत होतो. लाज वाटली. ही ॲसिडिटी नव्हे. उद्या पहिलं काम, आदेश मागे घेणे.

१८ मार्च
मागे घ्यायचा तर कारण लिहावं लागतं. कारण मीच. बाईंनी अपील केलंय म्हणे. उत्तम. वरिष्ठांसमोर तोंडाने सगळं सांगून टाकतो. बायको काहीतरी सांगत होती, मी मान डोलावली. तिने विचारलं, काय सांगितलं मी? आता दूध आणायला मी जातोय.

२ एप्रिल
अपील. वरिष्ठ म्हणाले, मुद्दा एकच, यांनी तुमचं ऐकून घेतलं का? नसेल, तर आदेश आत्ता रद्द करतो. मी उठायच्या तयारीत. बाई म्हणाल्या, खोटं कशाला बोलू, साहेबांनी फार मन लावून ऐकलं. मलाच नीट सांगता आलं नसेल.

वरिष्ठ माझ्याकडे वळले. सुनावणी व्यवस्थित झाली होती ना?

मी मान डोलावली.

अपील फेटाळलं. जिन्यात बाई थांबल्या. टपरी उचलायला अजून दोन दिवस आहेत, म्हणाल्या, घरची एखादी चावी करून हवी असेल तर या, पैसे नकोत.

मी ‘बरोबर’ म्हणालो.