पालथी बादली

४ मार्च

चि. बुटकीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पुस्तक पोचलं. पोस्टमनने ते दारात असं आपटलं की ह्यांची झोप मोडली आणि पुढे दिवसभर खोलीचं दार आतून बंद. तेव्हा तुझ्या पुस्तकाचं स्वागत काही धड झालं नाही. पण दुसऱ्या दिवशी मी ते इस्पितळाच्या धुलाईघरात घेऊन गेले आणि जेवणाच्या सुट्टीत चादरींच्या ढिगावर बसून एका दमात संपवलं. शब्द एकही नाही, ते एक बरं केलंस. माझ्यासारखीला चित्रं पटकन कळतात.

बुटके, तू मला रडवलंस गं. सुरुवातीला अंधारी खोली, भिंतीकडे तोंड करून झोपलेली आई, आणि पालथ्या बादलीवर उभी राहून भात ढवळणारी अकरा वर्षांची मी. खाली ताट वाजवत बसलेली तू. मग हळूहळू पडदे उघडतात काय, आई उठून बसते काय, आणि शेवटी ती स्वतः शेगडीपाशी उभी राहते आणि मी अंगणात लंगडी घालते! मधे ती मुलगी हसत दार उघडते आणि मग दोन्ही तळव्यांनी घाम पुसते, ते तर हुबेहूब माझंच. आपल्या घरी असं काही झालं नाही, आपली आई शेवटपर्यंत उठली नाही. पण चित्रात उठली म्हणून कुणाचं काय बिघडलं? मला तर छातीवरचा दगड उतरल्यासारखं वाटलं.

एक मात्र तुझ्या प्रकाशकाला खडसावून सांग. मुखपृष्ठ मागच्या बाजूला लावलंय! ह्यांचा छापखाना चालू असता तर असला गलथानपणा झाला नसता.

भिंगरी सुट्टीत तुझ्याकडे यायचं म्हणते, पण ते जमणार नाही. मी संध्याकाळची जादा पाळी घेतली आहे. घरात धाकट्या ढब्बूचं आणि ह्यांचं कोण बघणार? पोर गुणाची आहे, एका शब्दाने कुरकुरत नाही. माझ्यावरच गेली आहे. फोन मात्र करू नकोस, घंटेचा ह्यांना त्रास होतो. पत्रच लिही.

तुझी,
ताई


६ मार्च

ती. मावशीस,
शि. सा. न.

आईचं पत्र तुला मिळालं असेल आणि मुखपृष्ठ मागे आहे असं तिने त्यात लिहिलं असेल. प्लीज तिला काही सांगू नकोस. मांगा ही जपानी चित्रकथा उजवीकडून डावीकडे वाचतात हे मला माहीत आहे, आमच्या वर्गात सगळ्या मुली वाचतात. आईला माहीत नाही. तिने पुस्तक आपल्या नेहमीच्या पुस्तकासारखं उघडलं आणि शेवटाकडून सुरुवातीकडे वाचत गेली. त्या दिवशी ती कामावरून गुणगुणत घरी आली. ढब्बूने मला विचारलं, आईला काय झालंय? त्याने तिला गुणगुणताना कधी ऐकलंच नव्हतं. म्हणून मी गप्प बसले.

मी बरोबर बाजूने वाचलं. आधी अंगणात लंगडी, मग आई हळूहळू झोपत जाते आणि शेवटी बादली. फार आवडलं. फक्त एक चुकलंय. ओल्या फरशीवर पालथी बादली सरकते. खाली फडकं घालावं लागतं, ते तू काढलं नाहीस. मला बादली लागत नाही, माझी उंची पुरते. ढब्बूला नळापाशी लागते.

तू आता काढते आहेस त्या दुसऱ्या भागात ती बादलीवरून उतरते का? मला आधी सांगशील का? कुणाला सांगणार नाही.

तुझी,
भिंगरी


११ मार्च

चि. भिंगरीस,
गोड पापा.

काय गं आजीबाई, चित्र मी काढायचं आणि फडकं तू घालायचं? पण तुझं बरोबर आहे. मी तेव्हा चार वर्षांची होते आणि खाली ताट बडवत होते. बादलीखाली फडकं होतं का, हे मला कुठून दिसणार? मला फक्त ताईच्या पोटऱ्या दिसायच्या. सगळं पुस्तक मी त्या पोटऱ्यांवरून काढलंय.

तुझं पत्र आल्यापासून माझं कामात लक्ष नाही. टेबलाशी बसते, उठते, पुन्हा बसते. शाईची बाटली दोनदा लवंडली. संपादकबाई रोज निरोप पाठवतात की दुसऱ्या भागाचं शेवटचं प्रकरण द्या, आणि शेवटी आईने उठून मुलीला कुशीत घेतलंच पाहिजे, नाहीतर वाचक रुसतील. मी हो म्हणते आणि कागद फाडते.

तू मला जरा सविस्तर लिही बघू. स्वयंपाक कोण करतं? तू शाळेच्या धावण्याच्या संघात होतीस, त्याचं काय झालं? आणि तुझी आई घरी येते तेव्हा तू काय करत असतेस? खरंखरं लिही. चित्रासाठी नको, मला हवंय.

तुझीच,
मावशी


१६ मार्च

ती. मावशीस,
शि. सा. न.

स्वयंपाक मी करते. अवघड नाही गं. भात, अंडी, आणि ढब्बूला आवडतं म्हणून बटाटे. बाबांचं ताट खोलीच्या दाराबाहेर ठेवते. कधी जेवतात, कधी नाही. नाही जेवले तर मी ते खाऊन टाकते आणि ताट धुऊन ठेवते. मग आईला वाटतं बाबा जेवले. ती खूश होते आणि मलाही दुसऱ्यांदा भूक लागलेली असतेच, म्हणजे एका दगडात दोन पक्षी.

धावण्याचा सराव संध्याकाळी असतो. मी सोडला. सरांना सांगितलं की गुडघा दुखतो. आईला सांगितलं की यंदा संघच नाही. कुणाला काय सांगितलंय ते लक्षात ठेवावं लागतं, तेवढाच काय तो त्रास.

आई येते तेव्हा मी जागी असते. जिन्यावर तिची पावलं वाजली की मी चेहरा नीट करते आणि मग दार उघडते. तुझ्या पुस्तकात आहे ना, दार उघडण्याआधी ती तळव्यांनी तोंड पुसते आणि मग हसते? तसंच. ते चित्र पाहिल्यावर मला वाटलं, तू कुठूनतरी आम्हाला बघतेस.

तू विचारलंस म्हणून लिहिलं. आईला कळवू नकोस हं. आणि शेवट सांग ना.

तुझी,
भिंगरी


२० मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

हे पत्र लिहू नये असं भिंगरीने मला बजावलंय. मी लिहिते आहे. तिचा विश्वास मोडल्याचं पाप माझ्या माथी.

ताई, मुखपृष्ठ बरोबर आहे. मी काढते ती जपानी वळणाची चित्रकथा, मांगा म्हणतात. ती उजवीकडून डावीकडे वाचायची असते, आपल्या पुस्तकाच्या मागच्या बाजूने. तुला हे सांगायला हवं होतं. घरात सगळ्यांना सगळं माहीत असतं असं धरून चालायची आपली जुनी खोड. तू पुस्तक उलटं वाचलंस. एकदा दुसऱ्या बाजूने वाच. त्यात कुणी उठत नाही. दारात ती मुलगी पुसते तो घाम नाही.

आणि तुझी लेक हे पहिल्या दिवसापासून जाणून आहे. तू खूश होतीस म्हणून बोलली नाही. धावण्याचा संघ आहे, ताई. भावोजींचं न खाल्लेलं ताट कोण संपवतं ते तिला विचार. नको, विचारू नकोस, ती हसून सांगेल की सगळं छान आहे. तू मला असंच सांगायचीस. मी मोठी झाल्यावर मला कळलं की मला पोटभर मिळायचं तेव्हा तू पाणी पिऊन झोपायचीस.

ती तुझ्यावर गेली आहे हे तू अभिमानाने लिहिलंस. ते वाक्य मी पुन्हा पुन्हा वाचलं. तिला सुट्टीत माझ्याकडे पाठव.

रागावलीस तरी चालेल, पण अबोला धरू नकोस.

तुझी,
बुटकी


२५ मार्च

चि. बुटकीस,
आशीर्वाद.

लांब राहून उंटावरून शेळ्या हाकायला काय जातं? घर मला चालवायचं आहे. आम्ही नाही का केलं? मेलो का? माझ्या पोरीकडून माझ्या घरच्या बातम्या काढून घ्यायच्या आणि त्यांची चित्रं छापायची, हा धंदा बरा आहे.

पुस्तक मी बरोबर वाचलं आहे. छापणाऱ्याची चूक तू माझ्या पदरात घालू नकोस. हे छापखान्यात इतकी वर्षं पुस्तकं बांधत होते, ह्यांनाच दाखवते.

भिंगरी कुठेही येणार नाही.

ताई


३ एप्रिल

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

रोज टपालपेटी उघडून बघते. वीजबिलाशिवाय काही नाही. तुमच्या घरी फोन करायला हात जातो आणि मागे येतो. संपादकबाईंना मी कळवलं की शेवट मला माहीत नाही. त्या म्हणाल्या की लेखिकेला नाही तर कुणाला माहीत असणार? मी म्हटलं, माझ्या ताईला.

तू रागाने का होईना, चार ओळी पाठव. आणि भिंगरीवर रागावू नकोस. तुझ्या पाया पडते.

बुटकी


९ एप्रिल

चि. बुटकीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं नाक कापायचं म्हणून मी खरंच पुस्तक घेऊन ह्यांच्या खोलीत गेले. दिवा लावला. छापखाना बंद पडून हे आडवे झाले, तेव्हापासून चार महिन्यांत मी त्या खोलीत दिवा लावला नव्हता. म्हटलं, बघा, मुखपृष्ठ उलटं आहे की नाही? ह्यांनी पाठ वळवलेलीच. मी पुस्तक हातात कोंबलं. बुटके, पुस्तक हातात आल्यावर ह्यांची बोटं आपोआप त्याच्या कण्यावरून फिरली. उठून बसले. म्हणाले की बांधणी अगदी बरोबर आहे, तूच उलटं धरलं होतंस.

मग ह्यांनी ते उजव्या बाजूने उघडलं आणि मी शेजारी बसून पाहिलं. अंगणातली लंगडी पहिल्याच पानावर. आई शेगडीपासून दूर होते, बसते, आडवी होते, भिंतीकडे वळते. पडदे मिटतात. मुलगी जिना चढून येते. दारापाशी आली की रडून झालेलं तोंड पुसते, हसून दार उघडते आणि बादली पालथी घालते. शेवटच्या पानावर नुसती पाठमोरी ती, बादलीवर. ह्यांनी त्या पानावर बराच वेळ बोट ठेवलं. मग विचारलं की आपली भिंगरी असं करते का.

मी घरी असते कुठे? तुला एक सांगते, आजवर कुणाला सांगितलं नाही. जादा पाळी पैशासाठी नव्हती. घरी आलं की ते बंद दार दिसायचं आणि मी पुन्हा अकरा वर्षांची व्हायचे. मला सहन व्हायचं नाही म्हणून मी धुलाईघरात पळून जायचे. पळाले ती पळाले, बादली भिंगरीच्या पायाखाली सरकवून पळाले.

दुसऱ्या दिवशी न सांगता लवकर घरी आले आणि जिन्यावर मुद्दाम पावलं वाजवली नाहीत. दार ढकललं तर ती शेगडीपाशी उभी, ढब्बूचं गणित तोंडाने चालू, आणि चेहरा असा दमलेला की मी ओळखलाच नाही. मला पाहून तिचे दोन्ही तळवे गालांकडे गेले. मी ते मधेच धरले. ती सारखी विचारत होती की आई, काय झालं, तुला बरं नाही का, तू पड, मी करते.

संध्याकाळची पाळी सोडली. चमत्कार काही झालेला नाही, हे अजून पडूनच असतात. पण खोलीचं दार आता उघडं असतं, आणि ढब्बू शाळेतून येतो तेव्हा त्याला दार उघडायचं काम ह्यांचं, असं मी स्पष्ट सांगितलंय. काल उठले होते. डॉक्टरांकडे ह्यांच्यासोबत मी जाते, आता भिंगरी जात नाही. माझा भात दोनदा करपला. इतकी वर्षं शेगडीशी घालवून मला अजून भात येत नाही, हसशील तू.

भिंगरीला सुट्टीत पाठवते आहे. तिला तिथे काम सांगू नकोस. ती मागेल, तरी देऊ नकोस.

मागच्या पत्रातलं वाईट तेवढं फाडून टाक.

तुझी,
ताई


२ मे

ती. आईस,
शि. सा. न.

मी सुखरूप पोचले. बाबांच्या सकाळच्या गोळ्या फ्रीजवर निळ्या डबीत आहेत. ढब्बूची आंघोळ झाली की नळ घट्ट बंद कर, तो अर्धवट सोडतो. गॅस बघतेस ना? बाबा दुपारचं जेवतात का? खरंखरं कळव.

मावशी मला काहीच करू देत नाही. मी भांडी घासायला उठले तर तिने साबण लपवला. पहिले दोन दिवस मला हातांचं काय करावं ते कळेना. नुसती या खोलीतून त्या खोलीत फिरत होते. मावशी म्हणाली, नाव भिंगरी ठेवलं म्हणून घरातच फिरायला हवं असं नाही, खाली मैदान आहे. मग मी धावून आले. दम लागला. गुडघा अजिबात दुखला नाही, आई. तो दुखत नव्हताच, आणि संघ यंदाही होता. हे तुला सांगायचं राहिलं होतं.

काल मी दुपारपर्यंत झोपले. उठले तर कुणी काही मागितलं नाही. मला थोडं रडू आलं, पण मी तोंड पुसलं नाही. मावशी समोरच होती, तिने नुसती खिडकी उघडली.

दुसऱ्या भागाचा शेवट ठरला. संपादकबाईंना आवडलेला नाही, पण मावशी म्हणते राहू दे. शेवटच्या पानावर एकच मोठं चित्र आहे, म्हणजे तुला कुठूनही वाचता येईल. स्वयंपाकघर, आणि त्यात ती बादली, आता सुलटी, पाण्याने भरलेली. खाली फडकं मी काढलंय. शेगडीपाशी कोण उभं आहे ते दिसत नाही, नुसती सावली पडली आहे, मोठ्या माणसाची.

तू विचारशील, मुलगी कुठे आहे? ती बाहेर गेली आहे. कधी येईल ते मलाही माहीत नाही.

बाबांना नमस्कार, ढब्बूला धपाटा. मी आणखी थोडे दिवस राहू ना?

तुझी,
भिंगरी