सत्तेचाळीस गुन्ह्यांची यादी

३ जानेवारी
संकल्प : बिल्डिंग वाचवायची. चाळीस वर्षांपूर्वी मीच डिझाइन केली, सातव्या मजल्यावर मीच राहतो. सोसायटी ती पाडून टॉवर उभारायला निघाली आहे. मी जतन समितीकडे अर्ज ठोकलाय. एकदा संरक्षित यादीत नाव आलं, की हात लावायची कुणाची टाप नाही. मार्चपर्यंत काम फत्ते.

९ जानेवारी, सकाळी
बायकोला सांगितलं. म्हणाली, छान, पण लिफ्टचं काय. पुन्हा तेच. माझी लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये थांबते. नऊ पायऱ्या वर, नाहीतर नऊ खाली. त्यामुळे शेजारी एकमेकांना भेटतात. परदेशी मासिकात यावर अर्धं पान आलं होतं. तेव्हा तिचे गुडघे धड होते, त्याला मी काय करणार. दोन वर्षं खाली उतरलेली नाही. घरातून व्ह्यू उत्तम आहे.

२० जानेवारी
सेक्रेटरी म्हणाले, संमतीच्या सगळ्या सह्या झाल्या, तुमच्या घरचीच राहिली. मी म्हटलं, या जन्मी मिळणार नाही. त्यांनी विचारलं, फ्लॅट वहिनींच्या नावावर आहे ना.
तांत्रिक बाब.

२ फेब्रुवारी
अर्ज भक्कम करायला हवा. या लोकांनी बिल्डिंगची काय दैना केली ते समितीला कळू दे. तिसऱ्या मजल्यावर गॅलरी बंद करून बेडरूम. डॉक्टरांकडे लाकडी खिडक्या जाऊन ॲल्युमिनियम. गच्चीवर पत्रे. फोटोसकट यादी करतोय.

१७ फेब्रुवारी
यादी पूर्ण. सत्तेचाळीस गुन्हे. बायकोने चाळली, विचारलं, मग मूळचं उरलंय काय. जावई म्हणाला, ही देऊ नका. तो वकील आहे, कागद दिसला की घाबरतो.

११ मार्च, दुपारी
तपासणी अधिकारी आल्या. तरुण, हुशार. म्हणाल्या, कॉलेजात तुमच्या बिल्डिंगवर हमखास प्रश्न यायचा. दीड तास हिंडवलं. त्यांच्या नजरेतून सुटलेलं मीच दाखवलं. यादी दिली. म्हणाल्या, माझं काम फारच सोपं केलंत.
जिंकलो.

२९ मार्च
पत्र आलं. अर्ज नामंजूर. मूळ स्वरूप शिल्लक नाही. आधार : खुद्द आर्किटेक्टनी दिलेली यादी, क्रमांक एक ते सत्तेचाळीस. शेवटी माझे आभार मानलेत.
अपील करणार.

३० मार्च
अपिलावर फ्लॅटमालकाची सही लागते. बायकोकडे मागितली. म्हणाली, पाडायला संमतीची सही तिने फेब्रुवारीतच सेक्रेटरींना देऊन टाकली. मला सांगितलं का नाही, विचारलं. म्हणाली, तुम्ही यादीत गढला होतात.
फार वाईट वाटलं.

१४ जून
भाड्याच्या घरात आठवा दिवस. बिल्डिंग सुमार. जिना अंधारा, खिडक्या भलत्याच दिशेला. लिफ्ट मात्र दारासमोर थांबते.
आज तिकडे पाडायला सुरुवात झाली. गेलो नाही.
संध्याकाळी बायको एकटीच खाली जाऊन अर्धा तास फिरून आली. इतकी खुशीत मी तिला कित्येक वर्षांत पाहिली नव्हती. खुर्चीत टेकून म्हणाली, ज्या कुणी ही बिल्डिंग आखली, त्याचं कल्याण होवो.
कोण आर्किटेक्ट, म्हणून वॉचमनकडे चौकशी केली. म्हणाला, आर्किटेक्ट नव्हताच, कंत्राटदाराने आपल्या मनाने बांधली.