शाहिराची जागा

प्रिय बळवंता,

माझं पत्र बघून तू आधी पाकीट उलटंसुलटं करशील, कोण गचकलं म्हणून. सगळे धडधाकट आहेत, तुझ्या सगुणावहिनीचे गुडघे सोडून. मी मात्र बासष्टाव्या वर्षी नवीन काम धरलंय, आणि तेही नाचायचं. हस मेल्या, पोटभर हस. अख्खी भटवाडी हसून घेतेय.

अंधेरीत एक स्टुडिओ आहे. तिथल्या श्रुतिका नावाच्या पोरीनं गणपतीतल्या माझ्या जाखडी नाचाचा व्हिडिओ बघितला आणि थेट घरी आली. जन्मभर कंपनीत फिटर असलेल्या माणसाला म्हणते, काका, तुमची पावलं आम्हाला कॉम्प्युटरमध्ये हवीत. अंगाला घट्ट काळे कपडे, त्यावर चण्याएवढे चमकते गोळे, चहूबाजूंना कॅमेरे. मी नाचतो आणि पडद्यावर नुसत्या रेषांचा माणूस नाचतो. त्याला तोंड नाही, पण गिरकी माझी! शपथेवर सांगतो, बघताना डोळ्यांत पाणी आलं. ही पोरं याला कला म्हणतात. मलाही आता ते पटायला लागलंय.

पण पहिल्याच दिवशी वाट लागली. ती म्हणे, काका, मधोमध नाचा, तिथं कॅमेऱ्यांना नीट दिसतं. मी हो म्हणायचो, आणि ढोलकी वाजली की कडेकडेनं गोल फिरायचो. तिनं जमिनीवर खडूनं फुली मारली. मी फुलीलाच वळसा घालून गेलो! कावली बिचारी. तिला काय ठाऊक, जाखडीत मध्ये शाहीर बसतो आणि आपण त्याच्याभोवती नाचायचं. तिथं पाय टाकायचा म्हणजे तुझ्या मांडीवर टाकायचा. त्या रिकाम्या फरशीकडे बघत नाचताना तुझी इतकी आठवण आली रे, की मध्येच थांबलो आणि पाणी मागितलं.

गावची माणसं सांगतात, तू आता गौरी-गणपतीलाही गात नाहीस. कॅसेटचं फिसकटल्यावर गावी गेलास तो गेलासच. नव्या जमान्याचं वारं तुला आधी कळलं होतं. ऑर्गन लावू, तालाचं यंत्र लावू, आपली गाणी घराघरात जातील, म्हणायचास. मी म्हणायचो, यंत्रावर कोण नाचतो? नाचता येईना अंगण वाकडं, दुसरं काय! त्या यंत्राच्या तालावर माझं पाऊल चुकत होतं. आणि कॅसेटमध्ये नाचणारा दिसतो कुठं? तुझं नाव होणार आणि मी मागे राहणार, या भीतीनं मला पोखरलं होतं.

आता ज्यासाठी बसलोय ते लिहितो. रेकॉर्डिंगच्या दिवशी कॅसेटवाल्यांनी आपल्याला दारातूनच परत पाठवलं आणि तू समजलास, आपला आवाज त्यांना पसंत नाही. तसं काही नव्हतं, बळवंता. आदल्या दिवशी पीसीओवरून मीच त्यांना कळवलं होतं, मंडळी येत नाहीत, तारीख दुसऱ्या कुणाला द्या. तू पंचवीस वर्षं स्वतःला दोष देत बसलास आणि मी गप्प राहिलो. श्रुतिकाला आता शाहीर हवाय. कॉम्प्युटर हवा तसा आवाज बनवून देतो म्हणते, पण मी तुझं नाव सांगितलंय. माझं तोंड बघायचं नसेल तर बघू नकोस, त्या दिवशी मी तिथं फिरकणार नाही. पण तू ये आणि गा. तुझ्या गळ्यात खोट कधीच नव्हती.

तुझाच म्हणू दे,
काशीराम