नवऱ्याच्या वतीने वाकताना

११ ऑक्टोबर

मासिक आलं. पहिल्याच पानावर माझा नवरा, शुन्साकु! टोपी, मास्क, मागे त्या रिनोच्या इमारतीचा जिना. तेवीस वर्षांची पोरगी, माझ्याच एजन्सीतली नवी नटी. हा शूटिंगला ओकिनावात. फोन बंद.

एजन्सीचे हाताकेयामा मात्र लगेच बोलले. "मिनेकोबाई, चौदाला पत्रकार परिषद. काळा सूट. कानात मोतीही नकोत."

मला वाटलं, माझी बाजू विचारणार. कसलं काय! माफी मी मागायची, कॅमेऱ्यांसमोर कमरेत वाकून. त्याच्या वतीने!

१२ ऑक्टोबर

चोर सोडून संन्याशाला फाशी. "लोकांना मनस्ताप झालाय," हाताकेयामा म्हणे. लोकांना? आणि मला काय झालं?

"नाही वाकलात, तर सकाळच्या मालिकेतली सासूची भूमिका गेली समजा."

चाळिशीनंतर मला मिळालं काय? खुनाच्या मालिकांतली प्रेतं, घरमालकिणी, दोन वाक्यांच्या नर्सा. ही सासू म्हणजे सहा महिने रोज पडद्यावर. माणसाला कुठे धरायचं, हे त्या मेल्याला बरोबर कळतं.

१३ ऑक्टोबर

सासूबाईंचा फोन. "नवरा घरी सुखात असता, तर बाहेर कशाला गेला असता, सूनबाई?" आपटला मी फोन!

१४ ऑक्टोबर

वाकले. फ्लॅश थांबेपर्यंत वर यायचं नाही, अशी ताकीद होती. फरशीवर कुणीतरी थुंकलेलं च्युइंगम, तेवढंच दिसत होतं.

एकाने विचारलं, "पत्नी म्हणून कुठे कमी पडलात?" आणि मी — मी! — म्हणाले, "सगळीकडेच." वर डोळ्यांत पाणीही आणलं.

हाताकेयामा खूश. "एका टेकमध्ये! सासू तुमचीच." मला माझी किळस येतेय.

१९ ऑक्टोबर

टीव्हीवर शुन्साकु. घरी यायला सवड नाही, गप्पा मारायला आहे. "आता घरी माझी खैर नाही हं!" म्हणाला. सगळे खदाखदा हसले. त्याची एकही जाहिरात गेली नाही. रिनोच्या सगळ्या गेल्या. बरं झालं! भोग म्हणावं.

२१ ऑक्टोबर

भर दुपारी रिनो दारात. हातात गोड वड्यांचा डबा, माफीला नेतात तसला जड. मी दार उघडताच तिने पायरीवर कपाळ टेकलं. शिव्या माझ्या ओठांवर तयार होत्या.

मान वर न करता ती पुटपुटली, "ताई, समोरच्या पांढऱ्या गाडीत कॅमेरा आहे. हाताकेयामासाहेबांनीच पाठवलंय मला. म्हणाले, तिने कानाखाली वाजवली तर उत्तमच. मालिकेची चर्चा होईल."

मी हात उचलला. खरंच उचलला होता. तिने मान वर केली आणि डोळे मिटून गाल पुढे केला, शिकवल्यासारखा. मग मी तिचा दंड धरला, आत ओढलं आणि दार धाडकन लावलं.

२२ ऑक्टोबर

हाताकेयामांना कळवलं, सासू दुसरीला द्या. शुन्साकु आलाय, मघापासून बेल वाजवतोय. साखळी आतून लावलीय. कालपासून इथेच राहिलेली रिनो घाबरून ताटावरून उठायला लागली. म्हटलं, बस गं. जेव आधी.